शाळेचं कुंपण पुरेसं नाही

७ नोव्हेंबर २०२५ रोजी सुप्रीम कोर्टाने शाळा, दवाखाने, बस आणि रेल्वे स्थानकांच्या आवारातून भटकी कुत्री हटवण्याचा आदेश दिला. चांगलंच झालं. पण मूल शाळेच्या कुंपणात असतं किती वेळ? सकाळी मकतब, दुपारी शाळा, संध्याकाळी ट्यूशन. कुत्रा भेटतो तो वाटेतल्या गल्लीत, कचऱ्याच्या ढिगाजवळ.

आम्हा शिक्षकांना त्याहून मोठी काळजी वेगळीच वाटते. घरी ओरडा बसेल म्हणून मुलं ओरखडा लपवतात. रेबीजची लक्षणं एकदा दिसली की माणूस सहसा वाचत नाही. वेळेत घेतलेली लस मात्र वाचवते. म्हणून अम्मी-अब्बांनो, आधी रागावणं सोडा.

चावा असो की ओरखडा, जखम साबण लावून वाहत्या पाण्याखाली १५ मिनिटं धुवा. हळद, चुना, मिरची काही लावू नका. त्याच दिवशी सरकारी दवाखाना गाठा. रक्त आलं असेल तर लसीसोबत इम्युनोग्लोब्युलिनचंही विचारा. जखम भरली तरी लसीचे सगळे डोस पूर्ण करा.

नगरपालिकेकडे कचऱ्याचा आणि कुत्र्यांच्या नसबंदीचा हिशेब आपण मागूच. पण "मला कुत्रा चावला" हे मुलाने न घाबरता सांगावं, असं घर आपल्यालाच करावं लागेल.