गोडी शेवटच्या हाताने

आमच्या या सदरात आजवर लोणची आली, मुरंबे आले, पंचामृत व मेतकूटही आले. परंतु भाजलेल्या मांसाबरोबर खावयाच्या पदार्थाची कृती आज प्रथमच येत आहे. हे वाचून कित्येक वाचकांच्या कपाळास आठ्या पडतील, हे आम्ही जाणून आहोत. म्हणून आरंभीच सांगतो की, आम्ही जन्मात मांस खाल्लेले नाही व पुढेही खाणार नाही. तथापि ज्या घरातील एखादा मुलगा किंवा मुलगी आज परदेशी संसार करीत नाही, असे घर आमच्या वाचकांत शोधावेच लागेल. त्या संसारात आपण पाहुणे म्हणून जातो, तेव्हा कोठे बसावे व कोठे उठावे हा प्रश्न पडतोच. आम्हांस तो पडला आणि त्याचे उत्तर एका कढईत सापडले. ती हकीकत व ती कृती अशी दोन्ही आज देत आहो.

आमचे चिरंजीव अमेरिकेत मिसूरी संस्थानातील कॅन्सस सिटी या शहरी असतात. सूनबाई तेथील आहेत. 2023 सालच्या जुलैत आम्ही सहकुटुंब त्यांच्याकडे गेलो होतो. पहिल्याच रविवारी आमचे व्याही सकाळी सातालाच आले, परसात लोखंडी शेगडी मांडली, कोळसे पेटविले आणि त्यावर मांस भाजण्यास घातले. धूर घरभर झाला. आम्ही उभयता माडीवर गेलो, खिडकी लावून घेतली आणि पुस्तक उघडून बसलो. खाली आठ पाने मांडली होती. त्यांपैकी दोन रिकामी राहिली. थोड्या वेळाने आमची सहा वर्षांची नात वर आली व तिच्या मोडक्यातोडक्या मराठीत म्हणाली, "आजोबा, तुम्ही आमच्यावर रागावला आहात का?" आम्ही म्हटले, "नाही बाळ, वाचतो आहे." हे उत्तर निम्मेच खरे होते. आम्ही रागावलो नव्हतो. पण वाचीतही नव्हतो.

त्या रात्री आमचे कुटुंब म्हणाले, "त्यांच्या पंगतीला जेवायला नको हे खरे. पण वाढायला काय हरकत आहे? आपल्याकडे वाढणारा कुठे पंगतीत जेवतो?" चाळीस वर्षे शाळेत मुलांना शिकविले, परंतु हे आम्हांस सुचले नव्हते. दुसऱ्या दिवशी आम्ही व्याह्यांना दूरध्वनी केला व विचारले की, तुम्ही त्या मांसावर जे तांबडे, चिकट व गोड लावता, त्यात मांसाचा काही अंश असतो काय? ते म्हणाले, "मुळीच नाही. फळे, सिरका, साखर व मसाला." मग आम्ही म्हटले, येत्या रविवारचा सॉस आमच्याकडे लागला.

आता या सॉसविषयी थोडे. बार्बेक्यू हा शब्द कॅरिबियन बेटांतील ताइनो लोकांच्या भाषेतून स्पॅनिशात व तेथून इंग्रजीत आला. खांबांवर बांधलेली लाकडी चौकट हा त्याचा मूळ अर्थ. तिच्यावर अन्न ठेवून खाली विस्तव करीत. पुढे अमेरिकेच्या प्रत्येक भागाने आपापला सॉस काढला. उत्तर कॅरोलायनाच्या पूर्व भागात तो पाण्यासारखा पातळ, केवळ सिरका व मिरचीचा असतो. दक्षिण कॅरोलायनाच्या मध्यभागी मोहरीचा पिवळा असतो. आणि कॅन्सस सिटीचा दाट, तांबडा व गोड. मात्र हा गोडवा तेथे आरंभापासून नव्हता. हेन्री पेरी नावाच्या कृष्णवर्णीय गृहस्थाने सुमारे 1908 साली त्या शहरात भाजलेले मांस वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळून विकण्यास आरंभ केला. त्याचा सॉस तिखटजाळ होता. 1940 साली तो वारल्यावर त्याचा धंदा चार्ली ब्रायंट याच्याकडे व 1946 साली त्याचा भाऊ आर्थर याच्याकडे आला, आणि आर्थरने ती तिखटाची धार कमी केली. मळी घातलेला जो दाट, गोड सॉस आज बाटल्यांतून सर्वत्र विकला जातो, तो 1977 च्या सुमारास रिच डेव्हिस या बालमानसोपचारतज्ज्ञाने लोकप्रिय केला. तात्पर्य, सत्तर वर्षे जाऊन मग गोडी आली.

आंबट, गोड, तिखट व खारट यांचे हे मिश्रण आम्हांस परके वाटेना. सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानात शिजविलेल्या अन्नाचे प्रकार सांगितले आहेत. तेथे शूलावर ओवून निखाऱ्यावर भाजलेले मांस आहे, आणि त्याच अध्यायात मुगाच्या कढणात डाळिंब व द्राक्षे घालून केलेला रागषाडवही आहे. सुंदरकांडात मारुतिराय सीतामाईचा शोध करीत रावणाच्या पानभूमीत शिरतात, तेव्हा तेथे नाना प्रकारच्या मांसांबरोबर आंबट-खारट रागषाडव मांडलेले त्यांच्या दृष्टीस पडतात. त्यांनी ते पाहिले, चाखले मात्र नाहीत, आणि आपल्या कामास लागले. आम्हांस तेवढा आधार पुरेसा झाला.

आता कृती. तेथे जुलैत पीच हे फळ मुबलक मिळते, म्हणून आम्ही तेच घेतले. चार-पाच पिकलेले पीच उकळत्या पाण्यात अर्धा ते एक मिनिट ठेवून थंड पाण्यात टाकावे, म्हणजे साल अलगद सुटते. बी काढून अर्धा किलो गर घ्यावा. दोन मोठे चमचे तेलात एक बारीक चिरलेला कांदा मऊ होईपर्यंत परतावा. लसूण चालत असल्यास तीन पाकळ्या ठेचून घालाव्या. मग अर्धा किलो पिकलेले टोमॅटो चिरून व पीचचा गर घालावा. त्यावर 120 मिलिलिटर सफरचंदाचा सिरका, 80 ग्रॅम गूळ किंवा तांबूस साखर, दोन मोठे चमचे मळी, एक मोठा चमचा चिंचेचा दाट कोळ, दीड लहान चमचा मीठ, एक लहान चमचा मोहरीची पूड, दीड लहान चमचा लाल तिखट, अर्धा लहान चमचा मिरपूड व चिमूटभर दालचिनीची पूड घालावी. मळी न मिळाल्यास आपली काकवी घालावी. ती अधिक गोड व कमी कडवट असते, म्हणून गूळ थोडा कमी करावा. मंद आंचेवर सुमारे पाऊण तास शिजवावे व वरचेवर ढवळावे, कारण गोड पदार्थ तळास लवकर धरतो. मग घोटून गाळणीतून काढावे. बशीत थेंब टाकून बोटाने रेघ ओढावी; ती लगेच मिटली नाही म्हणजे झाले. सुमारे पाऊण लिटर सॉस होतो. काचेच्या स्वच्छ बरणीत भरून फ्रिजमध्ये ठेवल्यास दोन आठवडे टिकतो.

दोन सूचना. भांडे पोलादी किंवा मुलामा दिलेले घ्यावे. कल्हई नसलेल्या तांब्या-पितळेच्या भांड्यात आंबट शिजविल्यास धातू अन्नात उतरतो. दुसरे असे की, पुष्कळ लोक चिंचेच्या कोळाऐवजी वूस्टरशर सॉस नावाचा बाटलीतला पदार्थ घालतात. 1837 पासून विकल्या जाणाऱ्या त्या मूळ सॉसात चिंच असते हे खरे, परंतु खारविलेले मासेही असतात. तेव्हा ज्यांस वर्ज्य असेल त्यांनी बाटलीवरील अक्षरे वाचल्याशिवाय काही घालू नये. आपल्याकडे पीचऐवजी अननस घेता येतो. मात्र तो कच्चा न वापरता चांगला शिजवावा, कारण कच्च्या अननसाच्या रसाने मांस फार मऊ पडते. शिजविल्यावर तो गुण नाहीसा होतो.

एवढे केले तरी आमचा पहिला प्रयोग फसला. आम्ही पाकाचे अभिमानी. जिलबी पाकात मुरते तसे हेही मुरेल, असे समजून आम्ही आरंभापासूनच सॉस लावण्याचा आग्रह धरला. व्याही एक शब्द बोलले नाहीत; त्यांनी सांगितल्याप्रमाणे लावला. वीस मिनिटांत सर्व काही कोळशासारखे काळे व कडू झाले, आणि आत मांस कच्चेच राहिले. मग त्यांनी कारण सांगितले. फळांतील साखर सुमारे 110 अंश सेल्सिअसवरच तांबूस होऊ लागते, ऊसाची साखर 160 अंशांच्या पुढे. आणि निखाऱ्यावरील जाळी 200 अंशांहूनही तापते. म्हणून मांस आधी मीठ-मसाला लावून पुरते भाजावयाचे, आणि शेवटच्या आठ-दहा मिनिटांत, आंच उतरल्यावर, सॉसाचे दोन-तीन पातळ हात द्यावयाचे. कोंबडीचे मांस आतून 74 अंशांपर्यंत तापले पाहिजे, असा तेथील नियम आहे. आणि लावावयाचा सॉस वेगळ्या वाटीत काढून घ्यावा. कच्च्या मांसास लागलेला कुंचला पुन्हा बरणीत बुडवू नये.

तिसऱ्या रविवारी सर्व नीट उतरले. व्याह्यांनी आपणहून आमच्यासाठी दुसरी, कोरी जाळी आणली होती. तिच्यावर मक्याची कणसे, पनीर व अननसाच्या चकत्या भाजल्या आणि त्यांसही तोच सॉस लावला. वाढण्याचे काम आम्ही केले. नात सॉसाची वाटी घेऊन आमच्या मागून फिरत होती व ज्याच्या त्याच्या पानात चमचाभर घालीत होती. दहाही पाने भरली. सर्वांस वाढून झाल्यावर शेवटी आम्ही उभयता आमच्या दोन पानांवर बसलो. त्या रात्री आम्ही नातीला सांगितले की, मराठीत राग म्हणजे क्रोध, परंतु संस्कृतात राग म्हणजे रंग, राग म्हणजे प्रीती, आणि तू आज वाढलास त्या पदार्थासही राग म्हणत. ती म्हणाली, "मग आजोबा, तुम्ही रोज रागवा."

ही हकीकत आम्ही परत आल्यावर आमच्या वडील बंधूंस सांगितली, तेव्हा ते उठून देवघरात गेले. त्यांचे म्हणणे असे की, ज्या पंगतीत मांस आहे, तेथे वाढणे हेही बसणेच होय. त्यांच्या वयाचा व निष्ठेचा आम्हांस आदर आहे, आणि त्यांस वाद घालून जिंकण्याची इच्छा नाही. घरातही गोडी आधी थोपून काही साधत नाही. आंच उतरू द्यावी लागते. गेल्या चैत्रात आम्ही तोच सॉस हापूसच्या गराचा केला व बंधूंच्या पानात थालीपिठाबरोबर वाढला. त्यांनी विचारले नाही, आम्ही सांगितले नाही. दुसऱ्यांदा मात्र त्यांनी मागून घेतला.