सरकटा मेला, पण चंदेरीचं काय?

2018 च्या 'स्त्री'मधली स्त्री कोण होती? तवायफ. चंदेरीच्या पुरुषांना ती कोठ्यावर हवी होती, कुणाची बायको म्हणून नको होती. तिने प्रेम केलं, लग्न केलं आणि पहिल्याच रात्री दोघांनाही मारलं गेलं. आरोपी अख्खं गाव होतं. म्हणूनच शेवटी भिंतींवरचं 'ओ स्त्री कल आना' जाऊन 'ओ स्त्री रक्षा करना' येतं.

आता पुढचा भाग काढायचा कसा? गाजलेल्या भयपटाची हीच पंचाईत असते. भूत कोण, त्याला काय हवंय, हे कळलं की भीती ओसरते. शिवाय निर्मात्याला पहिल्यापेक्षा मोठा गल्ला हवा असतो. मग सोपा मार्ग उरतो: मोठा राक्षस आणा.

15 ऑगस्ट 2024 ला आलेल्या 'स्त्री 2' ने तेच केलं आणि तुफान कमाई केली. विषय धाडसी होता: आधुनिक विचारांच्या मुलींना उचलून नेणारा सरकटा. गावातले पुरुषही बायकांना घरात कोंडू लागतात. पण का? तर सरकट्याने त्यांना भारलंय म्हणून! तो संपला की सगळे शुद्धीवर. आरोपी असलेलं गाव आता पीडित झालं.

'करमणूक आहे, सोडा ना' असं कुणी म्हणेल. आम्हीही हसलो. पण 1916 च्या जातीविषयीच्या निबंधात बाबासाहेबांनी सती, सक्तीचं वैधव्य आणि बालविवाह यांचा संबंध जातीअंतर्गत विवाहाशी जोडून दाखवला. बाईवरचा पहारा ही कुणा एका दुष्टाची करणी नाही, ती समाजाची रचना आहे. ती मंत्राने येत नाही आणि राक्षस मेल्याने जातही नाही.

दुसरी वाट नाही असंही नाही. जॉर्डन पील या कृष्णवर्णीय दिग्दर्शकाने 'गेट आउट' (2017) मध्ये सभ्य, उदारमतवादी गोऱ्या कुटुंबातला वंशवाद दाखवला. चित्रपट प्रचंड चालला, पटकथेला ऑस्कर मिळालं. तरी त्याने त्याचा दुसरा भाग न काढता 'अस' (2019) ही नवी गोष्ट लिहिली.

'स्त्री'चा तिसरा भाग जाहीर झालाय. त्यात आणखी मोठा राक्षस येईल, की चंदेरीतले शुद्धीवर असलेले पुरुष पुन्हा आरोपीच्या पिंजऱ्यात उभे राहतील? मित्रांनो, तिकीट काढताना एवढा प्रश्न सोबत न्या.

जयभीम!