टोपीवाल्याची वीस वर्षं

डिसेंबर २०१२ मध्ये ‘गन्स एन रोझेस’ मुंबईत वाजवून गेला, तेव्हा स्टेजवर तीन गिटारिस्ट होते. पण स्लॅश नव्हता. नोव्हेंबर २०१५ मध्ये स्लॅश मुंबईत आला, तेव्हा त्याच्यासोबत ‘गन्स एन रोझेस’ नव्हता. आणि १७ मे २०२५ ला महालक्ष्मी रेसकोर्सवर दोघं एकत्र आले. एकाच शहराने तेरा वर्षांत या गोष्टीचे तिन्ही भाग पाहिले – त्याच्याविना बँड, बँडविना तो आणि मग दोघं सोबत.

आता तुम्ही म्हणाल, आपल्या जन्माआधीच्या बँडचं एवढं काय? बरोबर आहे. आपल्यापैकी बहुतेकांना स्लॅश माहितीये तो टी-शर्टवरून. उंच काळी टोपी, चेहरा झाकणारे कुरळे केस आणि कमरेच्या खाली लटकलेली लेस पॉल गिटार. काहींना तो ‘गिटार हिरो ३’ या गेममुळे ठाऊक असेल. पण त्या टोपीखालच्या माणसाने ऑक्टोबर १९९६ मध्ये जगातल्या सगळ्यात मोठ्या रॉक बँडपैकी एक सोडला आणि पुढची जवळपास वीस वर्षं त्याविना काढली. ती वीस वर्षं नीट पाहिली, तर कॉलेजच्या प्रत्येक बँडने, आणि खरं तर ग्रुपमध्ये काही बनवणाऱ्या प्रत्येकाने, विचार करावा असं बरंच काही त्यात सापडतं.

आधी हिशेब, मग भांडण

‘गन्स एन रोझेस’चा पहिला अल्बम ‘अ‍ॅपेटाइट फॉर डिस्ट्रक्शन’ आला जुलै १९८७ मध्ये. जगभरात त्याच्या सुमारे ३ कोटी प्रती खपल्या. १९९१ मध्ये ‘यूज युअर इल्युजन’चे दोन अल्बम एकाच दिवशी बाजारात आले आणि अमेरिकेच्या यादीत थेट पहिल्या दोन नंबरांवर बसले. त्यानंतर सुरू असलेली टूर जुलै १९९३ मध्ये ब्यूनस आयर्सला संपली. त्या रात्री कुणाला माहीत नव्हतं, की स्लॅश आणि गायक अ‍ॅक्सल रोझ पुन्हा एका स्टेजवर यायला २०१६ उजाडणार आहे.

बिनसलं कशावरून? ड्रग्ज, दारू, इगो हे सगळं होतंच. पण कामाचा मुद्दा वेगळा होता. अ‍ॅक्सलला आवाज बदलायचा होता, इंडस्ट्रियल आणि इलेक्ट्रॉनिक वळणाकडे जायचं होतं. स्लॅशला ब्लूजमध्ये रुजलेलं साधं, दणकट रॉक हवं होतं. १९९४ मध्ये ‘इंटरव्ह्यू विथ द व्हॅम्पायर’ या सिनेमासाठी बँडने एक कव्हर रेकॉर्ड केलं. त्यात स्लॅशच्या गिटारवर अ‍ॅक्सलच्या जुन्या मित्राची गिटार चढवली गेली. गिटारिस्टसाठी यापेक्षा स्पष्ट निरोप कुठला असणार? शेवटी ३० ऑक्टोबर १९९६ ला अ‍ॅक्सलने एमटीव्हीला फॅक्स पाठवला, की स्लॅश आता बँडमध्ये नाही. हो, फॅक्स. इन्स्टा स्टोरीच्या आधी ब्रेकअप असे जाहीर व्हायचे.

इथे खरा प्रश्न येतो. तो बाहेर पडला, तेव्हा त्याच्याकडे नेमकं काय उरलं?

नाव उरलं नाही. ‘गन्स एन रोझेस’ या नावाचे हक्क तोवर अ‍ॅक्सलकडे गेले होते. ते कसे गेले, यावर दोन कहाण्या आहेत. दबावाखाली सही करावी लागली, ही एक बाजू. असं काही झालंच नाही, ही दुसरी. खरं काय ते त्यांनाच ठाऊक, पण कागद अ‍ॅक्सलच्या बाजूने होता. म्हणून अ‍ॅक्सल नवे लोक घेऊन त्याच नावाने वाजवत राहिला आणि स्लॅशला दर वेळी नवी पाटी रंगवावी लागली.

गाणी मात्र उरली. ‘अ‍ॅपेटाइट’वरच्या गाण्यांचं श्रेय कुणा एकाला नाही, तर पूर्ण बँडला दिलेलं आहे. म्हणजे नाव गेलं तरी गाण्यांतला वाटा गेला नाही. नाव आणि गाणं या दोन वेगळ्या मालमत्ता आहेत, हे आपल्याकडच्या किती कॉलेज बँड्सना माहीत असतं?

आणि तिसरं म्हणजे हात. ती कुणीच लिहून घेऊ शकत नाही अशी गोष्ट. दोन सूर वाजले की ‘हा स्लॅश’ असं कळतं. बँडमध्ये असतानाच मायकल जॅक्सनने ‘डेंजरस’ अल्बमसाठी आणि शाळेपासून ओळखीच्या लेनी क्रॅविट्झने आपल्या गाण्यासाठी त्याला बोलावलं होतं. बाहेर पडल्यावर त्याची खरी शिदोरी ही होती.

दुसऱ्याच्या गर्दीसमोर

पण शिदोरी असली म्हणून रस्ता सोपा होत नाही. बँडमध्ये असतानाच त्याने ‘स्लॅशेस स्नेकपिट’ नावाचा साइड प्रोजेक्ट सुरू केला होता आणि १९९५ मध्ये त्याचा पहिला अल्बम आला होता. दुसरा आला २०००मध्ये, वेगळ्या गायकासह आणि जवळपास पूर्ण वेगळ्या टीमसह. त्या वर्षी स्नेकपिटने ‘एसी/डीसी’च्या टूरवर ओपनिंग केलं. ज्याच्या नावाने स्टेडियम भरायची तो माणूस आता दुसऱ्याच्या गर्दीसमोर, लोक जागा शोधत असताना वाजवत होता. यात कमीपणा काहीच नाही. पण सवय मोडणं कठीण असतं.

आणि मग शरीराने बिल पाठवलं. २००१ मध्ये, वयाच्या पस्तिशीत, दारू आणि ड्रग्जमुळे त्याचं हृदय निकामी व्हायला आलं. डॉक्टरांनी फार तर काही आठवड्यांची मुदत दिली, असं त्याने स्वतः आत्मचरित्रात सांगितलंय. छातीत डिफिब्रिलेटर बसवावा लागला. व्यसन पूर्ण सुटायला त्यानंतरही काही वर्षं गेली. ‘रॉकस्टार लाइफ’च्या रील्सना आपण लाइक देतो, त्यात हा भाग नसतो.

२००२ मध्ये एका दिवंगत ड्रमरच्या मदतनिधीसाठी झालेल्या कार्यक्रमात स्लॅश, बेसिस्ट डफ मकेगन आणि ड्रमर मॅट सोरम हे जुने सहकारी एकत्र वाजले आणि त्यातून ‘व्हेल्वेट रिव्हॉल्व्हर’ उभा राहिला. गायक मिळाला ‘स्टोन टेम्पल पायलट्स’चा स्कॉट वायलँड. जून २००४ मध्ये त्यांचा ‘कॉन्ट्राबँड’ अमेरिकेच्या यादीत थेट पहिल्या नंबरवर आला आणि पुढच्या वर्षी ‘स्लिदर’साठी ग्रॅमीही मिळालं. ‘माजी’ लोकांनी बनवलेल्या बँडसाठी ही कमाल कामगिरी होती. पण २००८ मध्ये वायलँड गेला आणि नवा गायक शोधता शोधता बँड विरून गेला.

इथे पॅटर्न दिसतो का बघा. गिटारिस्ट कितीही मोठा असो, रॉक बँडचा चेहरा असतो गायक. तो रुसला की दुकान बंद. स्लॅशच्या बाबतीत हे दोनदा झालं.

स्वतःच्या नावाची पाटी

तिसऱ्यांदा त्याने रचनाच बदलली. २०१०च्या अल्बमचं नाव होतं नुसतं ‘स्लॅश’. जवळपास प्रत्येक गाण्याला वेगळा गायक – ऑझी ऑस्बॉर्न, लेमी, क्रिस कॉर्नेल, इगी पॉप, अगदी फर्गीसुद्धा. आपल्याला ही पद्धत नवी नाही. आपल्या सिनेसंगीतात संगीतकार एक आणि गायक गाण्यागणिक वेगळा, हे आजी-आजोबांच्या काळापासून चालत आलंय. रॉकमध्ये मात्र गिटारिस्टने असं केंद्रस्थानी बसणं दुर्मीळच.

त्याच अल्बममधला एक पाहुणा, माइल्स केनेडी, पुढे कायमचा जोडीदार झाला. त्याचा स्वतःचा ‘ऑल्टर ब्रिज’ हा बँड आहे आणि तो त्याने सोडला नाही. म्हणजे दोघांनाही आपापलं दुसरं घर. तारखा जुळवायच्या, टूर करायची, परत आपापल्या कामाला लागायचं. ‘तू फक्त माझाच’ हा हट्ट नाही. नात्यांबद्दलच्या पानावरही हे वाक्य चालून जाईल, पण बँडबाबत ते जास्त खरं आहे. ही जोडी २०१२ पासून अल्बम काढतेय आणि २०१५ मध्ये मुंबईने तीच ऐकली.

एप्रिल २०१२ मध्ये ‘गन्स एन रोझेस’ला रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये घेतलं गेलं. अ‍ॅक्सलने जाहीर पत्र लिहून यायला नकार दिला. क्लीव्हलँडच्या त्या स्टेजवर बाकीच्यांनी जुनी गाणी वाजवली आणि माइक धरला माइल्स केनेडीने. त्याच वर्षाच्या शेवटी अ‍ॅक्सल आपल्या माणसांसह मुंबईत तीच गाणी गात होता. गाणी दोघांची, पण दोघं दोन टोकांना.

मग परत का गेला?

१ एप्रिल २०१६ ला लॉस एंजेलिसच्या ‘ट्रुबडूर’ या छोट्या क्लबमध्ये स्लॅश, डफ आणि अ‍ॅक्सल एकत्र वाजले. एप्रिल फूल वाटावं अशी तारीख, पण खरंच झालं. पुढच्या टूरचं नाव ‘नॉट इन धिस लाइफटाइम’. पुन्हा एकत्र येणार का, या प्रश्नाला अ‍ॅक्सलने पूर्वी दिलेलं हे उत्तर. २०१९ पर्यंत चाललेल्या या टूरने तिकिटांतून ५८ कोटी डॉलरहून जास्त कमावले.

हा आकडा बघून सरळ निष्कर्ष निघतो: वीस वर्षं फुकट गेली, खरा माल नावातच होता. मला हा निष्कर्ष अर्धाच पटतो.

पटणारा अर्धा भाग असा. स्लॅशचा स्वतःचा कुठलाही प्रोजेक्ट या आकड्याच्या जवळपासही गेला नाही. ‘व्हेल्वेट रिव्हॉल्व्हर’सुद्धा नाही. पण उलटही तितकंच खरं आहे. नाव हातात असूनही अ‍ॅक्सलला पुढचा अल्बम, ‘चायनीज डेमोक्रसी’, काढायला नोव्हेंबर २००८ उजाडलं आणि त्या काळात गिटारिस्ट येत-जात राहिले. म्हणजे माल नावातही नव्हता आणि एकट्या हातातही नव्हता. तो दोन्ही एकत्र असण्यात होता. हे मान्य करायला दोघांना वीस वर्षं लागली.

आणि न पटणारा भाग? २०१६ नंतर काय झालं ते बघा. मुंबईच्या शोपर्यंत ‘गन्स एन रोझेस’चा नव्या गाण्यांचा एकही अल्बम आला नव्हता. मोजकी सुटी गाणी आली. त्यातली बहुतेक अ‍ॅक्सलच्या जुन्या सेशन्समधली, स्लॅश आणि डफने नव्याने वाजवलेली. याच काळात स्लॅशने केनेडीसोबत २०१८ आणि २०२२ मध्ये दोन अल्बम काढले आणि २०२४ मध्ये ब्लूज गाण्यांचा तिसरा. मोठ्या बँडमधून पैसा आणि गर्दी, आणि स्वतःच्या बँडमधून नवं काम. परत जाताना त्याने वीस वर्षांत बांधलेलं घर पाडलं नाही. १९९६ ला त्याच्याकडे जाण्यासाठी एकच जागा होती. २०१६ ला दोन होत्या. माझ्या मते वीस वर्षांची खरी कमाई ही आहे.

अर्थात, हा जिंकलेल्या माणसाचा किस्सा आहे, हे विसरायचं नाही. तो बाहेर पडला तेव्हा प्रसिद्धी, पैसा आणि रॉयल्टी आधीच होती. त्याच बँडचा दुसरा गिटारिस्ट इझी स्ट्रॅडलिन १९९१ मध्येच शांतपणे बाहेर पडला. २०१६ च्या पुनर्मीलनात तो नव्हता आणि कमाईची वाटणी समान नव्हती हे कारण त्याने जाहीरपणे सांगितलं. बँडच्या उभारणीत त्याचा वाटा कमी नव्हता. पण टी-शर्टवर त्याची टोपी नाही.

आपल्यासाठी काय?

‘मूड इंडिगो’च्या लाइव्हवायरपासून गल्लीतल्या गणेशोत्सवापर्यंत वाजवणारे शेकडो कॉलेज बँड्स आपल्याकडे आहेत. थर्ड इयर संपलं, कुणी एमबीएला गेलं, कुणी पुण्याहून बेंगळुरूला, की बँड फुटतो. मग नाव कुणाचं? यूट्यूब चॅनल कुणाच्या मेल आयडीवर? ते एक हिट ओरिजनल कुणी वाजवायचं?

कायद्यात याची थोडी सोय आहे. बँडचं नाव ट्रेडमार्क म्हणून नोंदवता येतं. गाण्याचे शब्द आणि चाल यांचा कॉपीराइट त्यापासून वेगळा असतो. २०१२ च्या दुरुस्तीनंतर भारतात गीतकार आणि संगीतकाराचा रॉयल्टीचा हक्क परस्पर कुणाला लिहून देता येत नाही. वारस आणि कॉपीराइट सोसायटी एवढेच अपवाद. पण मुळात चाल कुणाची, हे कुठे तरी लिहिलेलं असेल तरच याचा उपयोग. ‘आपल्यात काय कागद करायचे यार’ हे वाक्य दोस्तीचं वाटतं, पण भांडण झालं की तेच सगळ्यात महाग पडतं.

म्हणून पुढचा जॅम संपला की टपरीवर चहा घेताना हा विषय काढाच. गाण्यांची यादी, त्यापुढे कुणी काय केलं, आणि कुणी सोडून गेलं तर नाव कुणाकडे राहील. एक पान पुरेल. ते सगळे मित्र असतानाच लिहायचं असतं. फॅक्स निघाल्यावर नाही.