पाद्री हेल्स यांचा तराजू

शास्त्रीय प्रयोग म्हटला कीं, आमच्या शेतकरी बंधूंच्या डोळ्यांपुढें मोठी इमारत, काचेच्या नळ्या आणि पांढरे अंगरखे घातलेले विद्वान उभे राहतात. आणि ‘हें आपलें काम नव्हे’ असें म्हणून ते मोकळे होतात. हा समज खोटा आहे, असें आमचें स्पष्ट मत आहे. तो खोटा कसा, हें दाखविण्यासाठीं सुमारें तीनशें वर्षांपूर्वीं इंग्लंडांत होऊन गेलेल्या एका खेड्यांतील पाद्र्याची हकीकत वाचकांपुढें ठेवीत आहों. आमचें स्वतःचें शिक्षण मराठी सातवीपर्यंतचें, इंग्रजी बेताचेंच. कृषि-महाविद्यालयांत शिकविणाऱ्या एका स्नेह्यानें या पाद्र्याच्या ग्रंथांतील मजकूर आम्हांस समजावून दिला, त्याचे उपकार प्रथम मानणें अवश्य आहे.

स्टीफन हेल्स यांचा जन्म १६७७ सालीं केंट परगण्यांत झाला. केंब्रिज येथील शिक्षण संपल्यावर १७०९ सालीं ते टेम्स नदीकाठच्या टेडिंग्टन गांवीं धर्मोपदेशक म्हणून आले, आणि १७६१ सालीं मृत्यु येईपर्यंत तेथेंच राहिले. प्रवचनें, लग्नें, अंत्यविधि हीं गांवचीं कामें सांभाळून उरल्या वेळांत त्यांनीं झाडांवर प्रयोग केले, आणि १७२७ सालीं ते ‘व्हेजिटेबल स्टॅटिक्स’ या नांवानें छापले. १७३५ सालीं बुफाँ या नामांकित पंडितानें त्या ग्रंथाचें फ्रेंच भाषांतर केलें, यावरून त्याची योग्यता कळून येईल.

त्या ग्रंथांतील पहिलाच प्रयोग पाहा. १७२४ सालच्या उन्हाळ्यांत त्यांनीं साडेतीन फूट उंचीचें सूर्यफुलाचें झाड कुंडींत घेतलें. मातीवाटे वाफ जाऊं नये म्हणून कुंडीचें तोंड शिशाच्या पातळ पत्र्यानें बंद केलें. पाणी घालण्यापुरती जागा ठेविली व तिलाही बूच बसविलें. मग ३ जुलै ते ८ ऑगस्ट या मुदतींत निरनिराळ्या पंधरा दिवशीं कुंडी सकाळ-संध्याकाळ तराजूंत घातली. दिवसाच्या बारा तासांत झाड सरासरीनें २० औंस, म्हणजे आजच्या मापानें सुमारें ५७० ग्रॅम पाणी हवेंत टाकतें, असें आढळलें. कडक उन्हाच्या एका दिवशीं तें ३० औंसांपर्यंत गेलें. कोरड्या रात्रीं सुमारें तीनच औंस गेलें, आणि दंव पडलेल्या रात्रीं कांहींच नाहीं. एवढ्यावर न थांबतां त्यांनीं झाड पत्र्याजवळ कापून नुसती कुंडी तोलली. तीही बारा तासांत दोन औंस गमावते, हें पाहून तितकें वजन हिशेबांतून वजा केलें. नंतर सर्व पानें मोजून त्यांचें क्षेत्र काढलें, तें ३९ चौरस फूट भरलें. शेवटीं, सारख्या आकाराच्या मनुष्यदेहाशीं तुलना करितां हें झाड चोवीस तासांत सतरापट पाणी पितें व बाहेर टाकतें, असा निष्कर्ष काढला.

या साऱ्या कामाला कुंडी, शिशाचा पत्रा, तराजू व वही यांहून अधिक काय लागलें? द्राक्षाचा वेल कापून बुंध्यावर काचेची उभी नळी बसविली असतां रस वीस फुटांहून वर चढतो, हेंही त्यांनीं अशाच साध्या साधनांनीं दाखविलें. झाडें आपल्या पोषणाचा कांहीं भाग पानांच्या द्वारें हवेंतून घेत असावीं, हा त्यांचा तर्क पुढील शास्त्रज्ञांनीं खरा ठरविला. वायु पाण्यावर गोळा करण्याची त्यांची युक्ति प्रीस्टली वगैरे पुढच्या पिढीच्या रसायनशास्त्रज्ञांस उपयोगी पडली. त्यांनीं १७४३ सालीं वर्णिलेलीं हवा खेळविण्याचीं यंत्रें जहाजांत व तुरुंगांत बसलीं, आणि कोठारांतील धान्य कुबट होऊं नये म्हणूनही त्यांचा उपयोग सुचविला गेला.

परंतु दोष झांकून चरित्र सांगणें आम्हांस आवडत नाहीं. १७३३ सालच्या दुसऱ्या ग्रंथांत जिवंत घोडीच्या धमनींत नळी घालून रक्त ८ फूट ३ इंच चढल्याची नोंद आहे. ज्ञानांत त्यानें भर पडली खरी. पण त्यांचे शेजारी कवि पोप यांसही असले प्रयोग रुचले नाहींत, आणि बैलावर जीव लावणाऱ्या आमच्या वाचकांसही तें रुचणार नाहीं. त्यांचा तराजू तेवढा घ्यावा.

आतां हा तराजू आम्हांस इतका कां भावला, तें सांगतों. आम्हीं अठ्ठावीस वर्षें महसुलाच्या कचेऱ्यांत कारकुनी केली. एके वर्षीं रब्बीची आणेवारी, म्हणजे हल्लींची पैसेवारी, लिहिण्याचें काम आमच्याकडे होतें. शिवारांत न जातां, मागील सालच्या आंकड्यांत थोडा फेर करून, आम्हीं चावडींत बसून ती लिहिली. दुसऱ्या दिवशीं एक वृद्ध शेतकरी पंचांत शाळूचीं पोचट कणसें बांधून आले व म्हणाले, “रावसाहेब, हीं तरी तोलून बघा.” आमच्याजवळ तराजू नव्हता, आणि मागील सालीं त्याच शेतांत किती पिकलें, याची नोंद त्यांच्याजवळही नव्हती. आमचा आंकडा कायम झाला. त्या गांवास त्या सालीं सूट मिळाली नाहीं. चूक आमची होती, हें येथें कबूल करितों. पण त्यांच्या हातीं पांच वर्षांची वही असती, तर आमच्यासारख्या कारकुनाची लेखणी इतक्या सहज चालली नसती.

कोणी म्हणेल, प्रयोग करावयास सरकारी क्षेत्रें आहेत. त्यांचें काम मोलाचें आहे. १९३३ सालीं सोलापुरास कोरडवाहू शेतीच्या संशोधनाचें केंद्र निघालें; बांधबंदिस्ती, विरळ पेरणी व वरचेवर कोळपणी यांचा उपदेश अशाच कामांतून दृढ झाला. परंतु सोलापूरची माती आमच्या बांधाच्या आंत नाहीं. एक साडेतीन फुटांचें झाड दिवसाकाठीं अर्ध्या लिटरहून अधिक पाणी उडवितें, हें ज्यास कळलें, तो शाळूंतील तणास क्षमा करणार नाहीं. पण आपल्या रानांत तिसरी कोळपणी मजुरीची भरपाई करते कीं नाहीं, हें त्याला त्याचाच तराजू सांगेल. दुकानदार जें नवें औषध गळ्यांत बांधतो, त्याचीही परीक्षा तोच करील.

म्हणून आमची सूचना अशी. प्रत्येक सभासदानें यंदा एकाच शेतांत, सारख्या जमिनीचे, एकेक गुंठ्याचे दोन तुकडे आंखावे. बीं एक, पेरणी एके दिवशीं. फरक फक्त एकाच गोष्टींत ठेवावा. दाणा व कडबा निरनिराळा तोलावा, आणि पावसाच्या तारखांसह वहींत लिहावा. एका सालावर निकाल देऊं नये. निदान तीन सालें थांबावें. प्रयोग फसला तरी आंकडा खोडूं नये. ज्यांस तराजू परवडत नाहीं, त्यांच्यासाठीं आपल्या मंडळीनें गांवोगांव एकेक काटा ठेवावा. सभासमारंभांतील हारतुऱ्यांचा खर्च कमी केल्यास तो सहज निघेल.

टेडिंग्टनच्या पाद्र्यास शेतसारा नव्हता, कर्ज नव्हतें. आपणांस दोन्ही आहे, म्हणून आपणांस वहीची गरज त्यांच्याहून अधिक आहे. पुढील हंगामांत ज्या बंधूंच्या वह्या भरतील, त्यांनीं त्या मंडळीकडे आणाव्या. आंकडे तपासून जुळविण्याचें काम आम्ही विनामूल्य करूं; आणि या खेपेस शिवारांत जाऊन करूं.