रसायनांनी घडवलेली पेशी आणि आपल्या अपेक्षा

चीनमधील तियानजिन शहरात जून २०२३ मध्ये एका तरुणीच्या पोटाच्या स्नायूंच्या आवरणाखाली इन्सुलिन निर्माण करणाऱ्या सुमारे १५ लाख पेशीपुंजांचे रोपण करण्यात आले. ती अनेक वर्षे पहिल्या प्रकारच्या मधुमेहाने ग्रस्त होती. हे पेशीपुंज कोणा दात्याचे नव्हते. तिच्याच चरबीच्या ऊतीतील पेशींना रसायनांच्या साहाय्याने मूलपेशींच्या अवस्थेत नेऊन त्यांपासून ते घडवले होते. रोपणानंतर ७५ दिवसांनी तिला बाहेरून इन्सुलिन घेण्याची गरज उरली नाही. वर्षभराच्या निरीक्षणांचा अहवाल २०२४ मध्ये ‘सेल’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला, तेव्हा जगभरातील मधुमेहींच्या आशा पालवल्या. या घटनेचा अर्थ समजण्यासाठी त्यामागील संशोधक देंग होंगकुई यांची वाटचाल पाहणे उद्बोधक ठरेल.

देंग मूळचे मूलपेशींचे अभ्यासक नव्हेत. एड्सचा विषाणू मानवी पेशीत कोणत्या दाराने शिरतो, या प्रश्नावर ते अमेरिकेत काम करीत होते. ‘सीसीआर५’ हे प्रथिन ते दार आहे, असे १९९६ मध्ये सिद्ध करणाऱ्या शोधनिबंधाचे ते प्रथम लेखक. २००१ मध्ये ते मायदेशी परतले आणि पेकिंग विद्यापीठात त्यांनी नवाच विषय हाती घेतला.

त्या क्षेत्राला २००६ मध्ये कलाटणी मिळाली. जपानचे शिन्या यामानाका यांनी केवळ चार जनुकांच्या बळावर उंदराची प्रौढ पेशी मूलावस्थेत नेऊन दाखवली आणि २०१२ मध्ये जॉन गर्डन यांच्यासह नोबेल पटकावले. मात्र ही जनुके विषाणूंमार्फत पेशीत सोडावी लागत आणि त्यांतील एकाचा संबंध कर्करोगाशी होता. पुढे अधिक सुरक्षित पद्धती आल्या. तरीही देंग यांचा प्रश्न मुळालाच हात घालणारा होता: बाहेरून जनुक न घालता, निव्वळ रसायनांनी पेशीला तिचे मूळ रूप आठवेल काय? रसायनाची मात्रा कमी-अधिक करता येते, ते हवे तेव्हा काढून घेता येते आणि पेशीच्या जनुकसंचात स्वतःचा तुकडा मागे ठेवीत नाही.

हजारो रेणूंची चाळणी करून २०१३ मध्ये त्यांच्या गटाने सात रसायनांच्या मिश्रणाने उंदराच्या पेशींचे रूपांतर साधले. त्यात अपस्मारावरील व्हॅल्प्रोइक अॅसिड होते, नैराश्यावरील ट्रॅनिलसिप्रोमिन होते आणि फोर्स्कोलिनही होते. यामानाकांच्या चौकडीतील ‘ऑक्ट-४’ या कळीच्या जनुकाची जागा घेऊ शकणारे द्रव्य म्हणून फोर्स्कोलिन पुढे आले. हे द्रव्य कोलियस या आपल्याकडील वनस्पतीच्या मुळांतून मिळते. बडोद्याच्या वाचकांना ती लोणच्यातील ‘गरमर’ म्हणून परिचित असेल. सत्तरच्या दशकात मुंबईतील हेक्स्ट कंपनीच्या संशोधन केंद्राने आणि लखनौच्या केंद्रीय औषध संशोधन संस्थेने स्वतंत्रपणे ते वेगळे केले होते. हृदयविकार आणि रक्तदाबासाठी शोधलेले द्रव्य चार दशकांनी पेशींच्या पुनर्घटनेत उपयोगी पडले. मूलभूत संशोधनाचा परतावा ताळेबंदाच्या वर्षात मोजणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे.

उंदरापासून माणसापर्यंतचा प्रवास मात्र नऊ वर्षांचा होता. मानवी पेशी रसायनांना सहजी दाद देईनात. पेशीतील दाहाशी निगडित ‘जेएनके’ हा संदेशमार्ग अडसर ठरत असल्याचे आणि तो रोखल्यास वाट मोकळी होत असल्याचे त्यांच्या गटाला आढळले. २०२२ मध्ये ‘नेचर’मध्ये हे यश प्रसिद्ध झाले. वाटेत मानवी पेशी ज्या लवचीक अवस्थेतून गेल्या, तिचे साम्य तुटलेला पाय पुन्हा उगवणाऱ्या अॅक्सोलोटल या उभयचराच्या पेशींशी आढळले.

आता सावधगिरीची बाजू. तियानजिनचा अहवाल एकाच रुग्णाचा आहे. पहिल्या प्रकारच्या मधुमेहात शरीराचीच प्रतिकारयंत्रणा इन्सुलिननिर्मात्या पेशींवर हल्ला करते. ही रुग्ण पूर्वीच्या यकृतरोपणामुळे प्रतिकारशक्ती दडपणारी औषधे आधीपासूनच घेत होती. त्यामुळे त्या औषधांविना नव्या पेशी टिकल्या असत्या काय, हा कळीचा प्रश्न या प्रयोगातून सुटत नाही. शिवाय प्रत्येक रुग्णासाठी त्याच्याच पेशी घडवणे वेळखाऊ आणि खर्चिक आहे.

गोमंतकीयांना या बातमीचे मोल अधिक वाटणे स्वाभाविक आहे. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीत मधुमेहाचे देशातील सर्वाधिक प्रमाण, २६.४ टक्के, गोव्यात आढळले; देशाची सरासरी ११.४ टक्के होती. पण यांतील बहुसंख्य रुग्ण दुसऱ्या प्रकारच्या मधुमेहाचे असतात आणि त्यांच्या आजच्या उपचारांचा पाया आहार, व्यायाम व नियमित तपासणी हा आहे. आशेच्या या अंतराचा गैरफायदा घेणारे कमी नाहीत. ‘मूलपेशींनी मधुमेह बरा’ अशा जाहिराती दिसल्या की एक गोष्ट आठवावी: रक्तविकारांसाठीच्या मान्यताप्राप्त रोपणांपलीकडे मूलपेशींचा वापर रीतसर मंजूर चाचण्यांपुरताच करावा, असे २०१७ची राष्ट्रीय मार्गदर्शक तत्त्वे सांगतात. आणि चाचणीत सहभागी होणाऱ्याकडून उपचाराचे पैसे मागितले जात असतील, तर तिथेच पाऊल थांबवावे.

देंग यांना मायदेशी परतल्यापासून या रुग्णापर्यंत पोहोचायला बावीस वर्षे लागली. ती वर्षे त्यांना देणारी व्यवस्था त्यांच्या पाठीशी होती. फोर्स्कोलिन आपल्या मातीतून निघाले, त्याचे पुढचे पीक मात्र परक्या प्रयोगशाळेत आले. यातून खंत करीत बसण्यापेक्षा, आपल्या विद्यापीठांतील तरुण संशोधकाला दोन दशके एकाच प्रश्नाच्या पाठीमागे राहता येईल काय, हे विचारणे अधिक हिताचे आहे.