उसने तारुण्य

अद्भुतकथांच्या दुनियेत एक नियम ठरूनच गेलेला दिसतो. तिथल्या मांत्रिकाला आग पेटवता येते, वादळ उठवता येते, माणसाचा पोपट करता येतो. पण काळाला हात लावायचा नाही. ती विद्या निषिद्ध. पोथी कुलपात आणि किल्ली कोणा वृद्ध गुरूच्या कमरेला! घडून गेलेले बदलू लागलो तर पुढचा सगळा पसारा कोसळेल, अशी भीती वाचकाला घातलेली असते आणि त्यालाही ती पटते.

मला हे कारण लटके वाटते. ही विद्या निषिद्ध असावी याबद्दल माझा वाद नाही. पण जग कोसळण्याची गोष्ट दूर राहिली, आधी कोणाचे आयुष्य खर्ची पडते ते पाहिले पाहिजे. काळ काही हवेतून मिळत नाही. एकाला मिळाला तर दुसऱ्याच्या खात्यातून वजा होतो. आपल्या पुराणकारांना हा हिशेब ठाऊक होता; बंदी घालण्याचे मात्र त्यांच्या मनात आले नाही.

शुक्राचार्यांची संजीवनी पाहा. कचाला असुरांनी तीनदा मारले. तिसऱ्यांदा तर त्याची राख मद्यात कालवून गुरूलाच पाजली. एवढे रामायण झाल्यावर आचार्यांनी बंदी घातली ती कशावर? ब्राह्मणांच्या मद्यपानावर! संजीवनी तशीच मोकळी राहिली. आपल्या वर्धा जिल्ह्यातल्या दारूबंदीचा मूळपुरुष शोधायचा तर गांधीजींच्या पुष्कळ मागे जाऊन तो इथे सापडेल. (ती बंदी कितपत पाळली जाते, हा विषय या अंकात नको.)

याच शुक्राचार्यांनी ययातीला अकाली वार्धक्याचा शाप दिला आणि वर पळवाटही ठेवली: कोणी आपले तारुण्य देत असेल तर खुशाल घे. आता ही 'देत असेल तर' ची अट मोठी साळसूद आहे. ययातीने पाच मुलांना विचारले. यदू, तुर्वसू, द्रुह्यू, अनू या चौघांनी नकार दिला आणि चौघांना बापाचे शाप मिळाले. मग धाकट्या पुरूची पाळी आली. तो 'हो' म्हणाला. चार भावांच्या कपाळी शाप आल्यावर पाचव्याने दिलेल्या होकाराला संमती म्हणायचे, तर सावकाराच्या कागदावर उठवलेल्या अंगठ्यालाही संमतीच म्हणावे लागेल. पुढे सहस्र वर्षे भोग घेऊन ययाति तृप्त झाला नाही, हे तात्पर्य आपण शाळेपासून ऐकतो. ते खरेच आहे. पण त्या सहस्र वर्षांत पुरू काय करीत होता, हे कोणी विचारत नाही. आणि नकार देणाऱ्या यदूच्या कुळात पुढे श्रीकृष्ण जन्मला, तर आज्ञाधारक पुरूच्या कुळात कौरव-पांडव झाले, हेही आपण सोयीने विसरतो.

वि. स. खांडेकरांची 'ययाति' १९५९ सालची. तिला १९७४ चे ज्ञानपीठ मिळाले, मराठीतले पहिले. ययाति, देवयानी आणि शर्मिष्ठा आपापली कहाणी तिथे सांगतात. पुरूला तसे निवेदन नाही. गिरीश कार्नाडांनी १९६१ च्या आपल्या कन्नड नाटकात पुरूला एक बायको दिली, चित्रलेखा. नवऱ्याने परस्पर म्हातारपण पत्करले. तिच्या वाट्याच्या वर्षांचे काय? ती विष घेते. माझ्या मते या कथेतला खरा प्रश्न विचारणारे हे एकच पात्र आहे.

हे सारे जुन्या पोथीतले म्हणून सोडूनही देता येत नाही. तरुणांचे रक्तद्रव अंगात भरून घेतले की म्हातारपण हटते, असा धंदा अमेरिकेत निघाला होता. तिथल्या औषध प्रशासनाने २०१९ साली बजावले की याचा लाभ सिद्ध झालेला नाही आणि धोके मात्र आहेत. तरी २०२३ मध्ये ब्रायन जॉन्सन या धनाढ्य उद्योजकाने आपल्या सतरा वर्षांच्या मुलाचे रक्तद्रव घेतलेच. थोड्याच दिवसांत, काही फायदा दिसत नाही म्हणून सोडूनही दिले. ययातीपेक्षा हा लवकर शहाणा झाला म्हणायचे!

महाराष्ट्रात जादूटोण्याविरुद्ध कायदा आहे. डॉ. नरेंद्र दाभोलकरांची २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात हत्या झाली, तेव्हा कुठे वटहुकूम निघाला आणि त्याच डिसेंबरात नागपूर अधिवेशनात कायदा मंजूर झाला. सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत कैद आहे. त्याच्या लांबलचक नावात 'महाराष्ट्र' नंतरचा पहिलाच शब्द नरबळी. कोणाच्या लाभासाठी कोणाचा जीव घेतला तर तो नरबळी, हे आता निर्विवाद झाले. जीव न घेता नुसती वर्षे घेतली तर? ते कुठल्याच कलमात बसत नाही, कारण तिथे मांत्रिक नसतो, लिंबू-मिरची नसते, घरचीच माणसे असतात.

सिंदी मेघेत आर्वी, कारंजा, समुद्रपूरकडून आलेली मुले खोल्या करून राहतात. त्यांच्यातल्या कितीकांच्या फीमागे गावाकडची एक बहीण असते. दहावीनंतर तिचे नाव काढलेले, निंदणाला आणि कापूस वेचायला जाणारी. 'तीच म्हणाली, दादाला शिकू द्या,' असे घरोघर कौतुकाने सांगतात. तिला नकार देता आला असता का, हे कोणी सांगत नाही. मुलीची जात, परक्याचे धन, हे शाप तिने आधीच ऐकलेले असतात. ही मुले काही ययातीसारखी विलासी नाहीत. एकवेळच्या डब्यावर अभ्यास करतात. पण उसनवारी ती उसनवारीच. पुरूला निदान मुदत संपल्यावर तारुण्य परत मिळाले, वर राज्य मिळाले. या पोरीला लग्नपत्रिका मिळते.

सतरा नंबरचा फॉर्म भरून बारावीची परीक्षा बाहेरून देता येते, हे आपल्यापैकी बहुतेकांना माहीत आहे. नाशिकचे मुक्त विद्यापीठ १९८९ पासून उभे आहे. स्पर्धा परीक्षांचे अर्ज आपण रात्र रात्र जागून भरतो. त्यात हा आणखी एक अर्ज भरायला फार तर एक दुपार लागेल. मुदत गेली असेल तर पुढच्या वर्षीची तारीख शाळेत विचारून ठेवावी.