रुग्णालयाचं फाटक आणि शंभर मीटर

रुग्णालयाबाहेरच्या फेरीवाल्यांचं प्रकरण सुनावणीला आलं, की पालिकेचे वकील शंभर मीटरची अट पुढे करतात आणि फेरीवाल्यांचे वकील २०१४ चा पथविक्रेता कायदा. दोन्हींना आधार आहे, म्हणून निकाल बहुधा अंतरिम स्थगितीवरच अडून राहतो. आमचं म्हणणं असं, की रुग्णालयाच्या बाबतीत हा वाद दोन्ही बाजूंनी चुकीच्या टोकाकडून मांडला जातो.

ही अट महाराष्ट्र एकता हॉकर्स युनियनच्या प्रकरणातली. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००३ मध्ये मुंबईपुरती घातलेली: प्रार्थनास्थळं, शिक्षणसंस्था आणि रुग्णालयांपासून शंभर मीटर, मंडया आणि रेल्वे स्थानकांपासून दीडशे. आझाद हॉकर्स युनियनच्या याचिकेवर १ नोव्हेंबर २०१७ रोजी निकाल देताना मुंबई उच्च न्यायालयाने ही अंतरं कायम ठेवली. पण २००३ च्या त्याच निर्देशात एक सवलतही आहे. प्रार्थनास्थळाबाहेर फुलं, नारळ, उदबत्ती, मेणबत्ती अशा पूजेच्या वस्तू विकायला परवानगी देता येते. म्हणजे दारात येणाऱ्याची गरज हा निकष न्यायालयाने स्वतःच मान्य केला. रुग्णालयाच्या दारातल्या माणसासाठी मात्र तशी ओळ नाही.

त्या माणसाची गरज पाहायची तर परळला जावं. केईएम, टाटा आणि वाडिया रुग्णालयं एकमेकांपासून चालत जाण्याच्या अंतरावर आहेत. टाटामध्ये देशभरातून कर्करोगाचे रुग्ण येतात, आणि कित्येकांचे नातेवाईक पदपथावरच पथारी टाकतात. पहाटेचा चहा, पोळीभाजीची पुडी, शहाळं हे सगळं त्यांना परवडेल अशा दरात कुठे मिळतं? फाटकासमोरच्या गाडीवर. आणि त्याच रस्त्याने रुग्णवाहिकाही आत जाते. तिची वाट अडवणारी एकही गाडी तिथे राहता कामा नये, याबद्दल आमच्या मनात कसलाही किंतु नाही. पालिका अधिनियमाच्या कलम ३१४ खाली नोटीस न देता कारवाई करण्याचा अधिकार आहे, तो अशा ठिकाणी जरूर वापरावा. वाट मोकळी ठेवणं वेगळं, शंभर मीटरचा सबंध पट्टा रिकामा करणं वेगळं.

२०१४ च्या कायद्याची पहिली अनुसूची याबाबत फार काळजीपूर्वक लिहिलेली आहे. सर्वेक्षणात नोंदलेला नैसर्गिक बाजार ना-फेरीवाला क्षेत्र ठरवता येत नाही. केवळ गर्दी हे त्यासाठी कारण होत नाही. अस्वच्छता सर्वस्वी विक्रेत्यांमुळेच असेल आणि पालिकेच्या उपाययोजनेने दूर होत नसेल, तरच ती कारण ठरते. सर्वेक्षण आणि विक्रय आराखडा होईपर्यंत तर कोणतंही ना-फेरीवाला क्षेत्र जाहीरच करायचं नाही. कलम ३३ या कायद्याला इतर कायद्यांवर वरचढ ठरवतं. आराखडा रखडवायचा आणि त्याच्या अभावी २००३ ची अंतरं दाखवायची, ही पालिकांची भूमिका आम्हाला मुळीच पटत नाही.

फेरीवाल्यांची बाजू मांडणाऱ्यांनाही एक विनंती. याचिकेत केवळ रस्त्यावर व्यवसाय करण्याचा हक्क मांडून थांबू नका. तो सोदन सिंग प्रकरणातच, १९८९ मध्ये, वाजवी निर्बंधांसह मान्य झाला आहे. त्यापुढे जायला पुरावा लागेल. फाटक, अपघात विभागाचा रस्ता आणि प्रत्येक गाडीची जागा दाखवणारा मोजमापाचा नकाशा जोडा. शंभर मीटर फाटकापासून मोजले की कुंपणापासून, हे पंचनाम्यात नसेल तर तो मुद्दा लेखी घ्या. अन्नपदार्थ विकणाऱ्याची अन्नसुरक्षा नोंदणी आधी करून घ्या. नातेवाइकांची प्रतिज्ञापत्रं मिळवा, कारण या वादातले तेच खरे बाधित आहेत आणि ते कधीच पक्षकार नसतात. मग प्रार्थनास्थळांना दिलेली सवलत रुग्णालयांनाही, मोजक्या वस्तूंपुरती आणि आखून दिलेल्या जागेत, लागू करण्याची मागणी नगर पथविक्रेता समितीपुढे रीतसर ठेवा. समितीने ती फेटाळली, तर त्या कारणांसह उच्च न्यायालयात जाता येईल.